कॅसेटची पहिली तीन मिनिटं

पुढच्या महिन्यात मी बहरीन सोडतोय. सामान बांधताना पत्र्याच्या पेटीच्या तळाशी एक कॅसेट सापडली. सापडली म्हणणं खोटं आहे. ती तिथे आहे हे मला दहा वर्षं ठाऊक होतं. दर सुट्टीला गावी जाताना पेटी उघडायचो, वरचे कपडे काढायचो आणि तळापर्यंत हात न घालता पेटी बंद करायचो.

ती भरली तेव्हा मी मीना सलमान बंदराजवळच्या एका जहाजदुरुस्तीच्या वर्कशॉपमध्ये होतो. टाइम ऑफिसात कारकून, आणि गरज पडली की दुभाषी. मुंबईत नोकरी करताना तीन वर्षं संध्याकाळच्या वर्गाला जाऊन मी जपानी शिकलो होतो. वर्कशॉपात दहा-बारा जपानी होते, त्यांच्यामुळे मला व्हिसा मिळाला. पहिल्याच दिवशी मी क्रेनच्या फोरमनला वाकून, पुस्तकातल्यासारखा स्वच्छ नमस्कार घातला. तो इतका हसला की ओठातली सिगरेट पडली.

"रेडिओ!" तो बाकीच्यांना ओरडून म्हणाला. "अरे या, हा इंडियन रेडिओसारखा बोलतोय!"

तेव्हापासून माझं नाव रेडिओ-सान. त्यांचाही दोष नव्हता. मी शिकलेली भाषा बातम्या देणाऱ्यांची होती, आणि तिथे ती कोणीच बोलत नव्हतं. क्रेनवाला ओसाकाचा. 'धन्यवाद'साठी मी 'अरिगातो' पाठ केलं होतं, हा म्हणायचा 'ओओकिनि', तेही छाती काढून. उत्तरेकडचा एक फिटर होता, तो तोंड उघडायलाच तयार नसे. त्यांच्याकडे थंडी इतकी की तोंड उघडं ठेवलं तर जीभ गोठते, असं इतर लोक म्हणत. पहिले सहा महिने मी माझ्याच पोटापाण्याच्या भाषेत बहिरा होतो. संध्याकाळी खोलीवर आलो की भिंतीकडे बघत बसायचो. गुदैबिया वस्तीत एक खोली, एक खिडकी, खिडकीतून समोरच्या इमारतीचा एसी. मराठी बोलायला ऑफिसात एकच माणूस होता, पुण्याचे अकाउंटंट. आणि ते दिसले की मी रस्ता बदलायचो.

कारण मी मालवणी. शुद्ध बोलायचा प्रयत्न करायचो, पण हेल जातो कुठे? मी दारात दिसलो की ते खुर्चीत मागे रेलून सुरू करायचे, "काय झिला, खंय चललंस?" मग स्वतःच हसायचे. माणूस वाईट नव्हता. दिवाळीत चकल्या आणून द्यायचा. पण आईशी बोलायची भाषा कोणी अशी नाकातून काढून दाखवली की मी हातातले कागद टेबलावर ठेवून निघायचो. हळूहळू मी त्यांच्यासमोर मराठीच बोलायचं टाळलं. हिंदीत बोलायचो.

वेल्डिंगचा म्हातारा फोरमन माझ्यासारखाच गप्प. पंचावन्नचा असेल, बुटका, काळसर, भुवया जाड. ओकिनावाचा, म्हणजे जपानच्या पार दक्षिणेकडच्या बेटांवरचा. तो जपानी बोलायचा ती जवळजवळ माझ्याइतकीच पुस्तकी. मला वाटायचं, शिकलेला असेल. एकदा जेवणाच्या सुट्टीत त्याने मला टेपरेकॉर्डरशी बोलताना पाहिलं. आईला लिहिता-वाचता येत नसे, म्हणून मी कॅसेट भरून कोणी गावाकडे निघालं की त्याच्यासोबत पाठवायचो. तो बराच वेळ उभा राहिला.

"कोणाशी बोलतोस?"

"आईशी."

"ही हिंदी नाही. तुझी हिंदी मी ऐकली आहे."

"नाही. घरची भाषा."

दुसऱ्या दिवशी तो टाइम ऑफिसात आला. त्याची आई नव्वदीला टेकलेली होती. तिलाही वाचता येत नव्हतं, आणि जपानी तर तिला मोडकीतोडकीच कळे. तो जपानीत पत्र लिहायचा, पुतणी ते वाचून म्हातारीला तिच्या भाषेत समजावायची. इतक्या वर्षांत मुलाचा आवाज तिच्या भाषेत तिने ऐकलाच नव्हता. टेप करायचा तर त्याच्या खोलीत आणखी तिघे जपानी. "त्यांच्यासमोर ती भाषा तोंडातून निघत नाही," तो म्हणाला. "शुक्रवारी तुझ्या खोलीवर येऊ का?"

आला. जपानी माणसाकडे टेपरेकॉर्डर नाही आणि मालवणी माणसाकडे जपानी बनावटीचा टेपरेकॉर्डर, म्हणून आम्ही हसलो. मी चहा केला. माइक समोर ठेवला तर त्याचं तोंड उघडेना. दोनदा घसा खाकरला, मग जपानीतच सुरू झाला आणि थांबला. मग त्याने मला गळ्यातल्या फळीबद्दल सांगितलं.

त्याच्या लहानपणी शाळेत त्यांची भाषा बोलायला बंदी होती. बोललं की मास्तर गळ्यात एक लाकडी फळी अडकवत. ती फळी काढायचा एकच मार्ग होता. दुसरा कोणी ती भाषा बोलताना सापडला की त्याच्या गळ्यात घालायची. शाळा सुटताना ज्याच्या गळ्यात राहील त्याला मार.

"मग आम्ही काय करायचो, माहीत आहे? पोरं शहाणी झाली होती, कोणी चुकून बोलेना. तेव्हा मागून जाऊन एखाद्याचा पाय जोरात तुडवायचा. पाय तुडवला की माणूस आपल्याच भाषेत ओरडतो. 'अगा!' की घातली फळी."

"तुम्हीही तुडवला?"

"माझ्या धाकट्या भावाचा." त्याने कप खाली ठेवला. "लोक म्हणतात, ती जपानीची एक बोली आहे. मास्तर म्हणायचे, ती घाण आहे. मला वाटतं ती वेगळीच भाषा, जपानीची बहीण. पण आता कोणाला सांगणार?"

मी म्हटलं, थांबा, आधी मी बोलतो. मी बटण दाबलं आणि नेहमी बोलायचो तसं बोललो. "आये, आयकूक येतां मां? मी हंयसर बरो आसंय. तुझ्या गुडग्याचा कसा आसा? औंदा फणस धरलो काय?" फणस, म्हैस, शेजारणीचं भांडण, सगळं तीन मिनिटं. तो डोळे बारीक करून ऐकत होता. एक शब्द कळत नव्हता, पण माझा हेल ऐकून मान डोलवायला लागला. मी माइक त्याच्यापुढे सरकवला, आणि तो सुटलाच. तो आवाज मी वर्कशॉपात कधी ऐकला नव्हता. पातळ, भरभर, मध्येच हसणारा. एका ठिकाणी त्याने गाण्याच्या दोन ओळी म्हटल्या आणि त्याचा आवाज फुटला. अर्ध्या तासाने तो थांबला. "अजून थोडं राहिलंय. पुढच्या शुक्रवारी. कॅसेट तुझ्याकडेच असू दे."

जाताना त्याने मला त्यांच्या भाषेत धन्यवाद म्हटलं, "निफे देबिरु." आणि लगेच दाराकडे बघितलं, कोणी ऐकलं तर नाही ना.

त्याच आठवड्यात जपानी लोकांच्या मेसमध्ये वर्षअखेरची मेजवानी होती, आम्हा ऑफिसवाल्यांनाही बोलावणं होतं. मॅनेजरने गाण्यांसाठी माझा टेपरेकॉर्डर मागवला. म्हाताऱ्याची कॅसेट आतच होती. मी ती मुद्दाम नेली नव्हती, एवढं माझ्या बाजूने लिहून ठेवतो. त्यापुढचं माझ्या बाजूने लिहिण्यासारखं नाही.

जेवणं झाल्यावर त्यांचा एक खेळ सुरू झाला. एकेकाने उठून आपल्या गावच्या बोलीत चार वाक्यं बोलायची, बाकीच्यांनी प्रांत ओळखायचा. ओसाकावाल्याने बायको रागावल्याची नक्कल केली. उत्तरेकडच्या फिटरला ढकलून उभा केला, तो काहीतरी पुटपुटला, एक जण ओरडला, "तोंड उघड, इथे थंडी नाही!" सगळे लोळत होते. मग मॅनेजर माझ्याकडे वळला. "रेडिओ-सान! तुझ्या गावची बोली ऐकव."

पुण्याचे अकाउंटंट समोरच बसले होते. त्यांनी ग्लास वर केला. "हां, झिला, होऊन जाऊ दे!" आणि शेजारच्या जपान्याला ते इंग्रजीत सांगू लागले की आता बघा, फार मजा येते.

सगळे माझ्याकडे बघत होते. मी म्हटलं, "माझं काय ऐकता? याहून गंमत आहे माझ्याकडे. ओळखा, ही भाषा कुठली."

कॅसेट सुरुवातीला आणलेली होती. सुरुवातीला माझा आवाज. मी बटण दाबून तो पुढे सरकवला. आवाज बारीक ठेवून, कान लावून थोडं ऐकलं, अजून मीच होतो. पुन्हा सरकवला. म्हातारा लागला तेव्हा आवाज मोठा केला. म्हातारा त्या संध्याकाळी शिफ्टवर होता, हे मला पक्कं माहीत होतं. माहीत होतं म्हणूनच.

"फिलिपिनो?"

"छे, चिनी!"

"रेडिओ उलटा लावला काय?"

एकालाही ओळखता येईना, त्यामुळे हसू वाढत गेलं. ते दुष्टपणे हसत नव्हते. मीही हसत होतो. अकाउंटंट माझ्याकडे बघत नव्हते, आणि मला फार हलकं वाटत होतं. गाण्याच्या ओळी सुरू झाल्या तेव्हा ओसाकावाला ताल धरून टेबल बडवू लागला. मग तो एकदम थांबला. दाराकडे बघत होता.

म्हातारा दारात उभा होता, बॉयलर सूटमध्ये, हेल्मेट हातात. काम लवकर संपलं होतं. टेपवर त्याचा आवाज फुटला तो त्याने उभ्यानेच ऐकला. माझं बोट बटणापर्यंत जाईना.

"अरे, हा तर तूच!" कोणीतरी म्हणालं.

तो किंचित वाकला. "जुनी सवय आहे," तो स्वच्छ, पुस्तकी जपानीत म्हणाला. "कानाला त्रास झाला असेल, क्षमा असावी." आणि हसला. मग सगळे पुन्हा हसले, त्याला जागा करून दिली, ग्लास भरला.

शुक्रवारी तो येणार नाही, अशी माझी खात्री होती. ठरल्या वेळी आला. बाजारातून नवी कॅसेट आणली होती. खिशातून कागद काढला आणि त्यावरून वाचलं, जपानीत, पंधरा मिनिटं, न थांबता. प्रकृती ठीक आहे. हवामान उष्ण आहे. आपण काळजी करू नये. वाचून झाल्यावर म्हणाला, "तू शिकलेला आहेस. चुका असतील तर सांग."

काय बोलायला हवं होतं ते मला तेव्हाही कळत होतं. मी दोन ठिकाणी दुरुस्ती सांगितली. त्याने ती वाक्यं पुन्हा वाचली.

उठताना मी जुनी कॅसेट पुढे केली. त्याने हातात घेतली नाही.

"तिच्यावर तुझाही आवाज आहे ना," तो म्हणाला. "तो कोणी ऐकला नाही. तू ठेव."

त्यानंतर तो रोज भेटायचा, रोज नमस्कार घालायचा, आणि माझ्याशी रेडिओसारखं बोलायचा. खोलीवर कधी आला नाही. उन्हाळ्यात एकदा टाइम ऑफिसच्या खिडकीशी थांबला. पुतणीचं पत्र आलं होतं. "आईने माझी कॅसेट पुन्हा पुन्हा लावायला सांगितली. शेवटी विचारलं, बातम्या कधी संपणार, मग माझा मुलगा बोलेल ना?" तो हसला. मीही हसलो. हिवाळ्यात आई गेल्याची तार आली. त्याचं कॉन्ट्रॅक्ट मार्चमध्ये संपलं, तो गेला. जाताना टाइम ऑफिसच्या रजिस्टरमध्ये घरचा पत्ता लिहून गेला. मी तो त्याच दिवशी उतरवून घेतला.

त्या उन्हाळ्यापासून हिवाळ्यापर्यंत जुनी कॅसेट माझ्या पेटीत होती. म्हातारी जिवंत होती. त्याच्या घरचा पत्ता तेव्हाही ऑफिसच्या फायलीत होता, दोन वेळा मी ती फाइल काढलीही. पाठवली असती तर मी काय केलं ते कबूल केल्यासारखं झालं असतं. एवढंच कारण. दुसरं शोधून पाहिलं, मिळालं नाही.

परवा मी ती अगदी सुरुवातीपासून लावली. "आये, आयकूक येतां मां?" माझी आई जाऊनही आता चार वर्षं झाली. बत्तिसाव्या वर्षीचा माझा तो हेल ऐकत मी खाटेवर बसून राहिलो. मग म्हातारा, मग गाणं, मग शेवटी उरलेली कोरी फीत. म्हाताऱ्याला चिठ्ठी लिहावी म्हणून कागद घेतला, तर माझ्याकडे बातम्यांचीच जपानी. कागद बाजूला ठेवला, कोऱ्या फितीवर बटण दाबलं आणि जे झालं ते सगळं मालवणीत सांगितलं. सरकवलेल्या तीन मिनिटांसकट. त्याला एक अक्षर कळणार नाही.

बाब-अल-बहरीनजवळच्या पोस्टात खिडकीवर मल्याळी कारकून होता. पाकीट हलवून बघत त्याने हिंदीत विचारलं, "अंदर क्या है, गाना?"

"नहीं. बातचीत."

"कौन सी भाषा?"

"घर की," मी म्हटलं.

त्याने फॉर्मवर 'कॅसेट, एक' लिहिलं आणि शिक्का मारला. पत्ता दहा वर्षांपूर्वीचा आहे.