आधी एकेक, मग जोडी

आमच्या कॉलेजात शिवमूर्ती पट्टणशेट्टी कोण असं कुणी विचारलं, तर शिपायालाही क्षणभर आठवावं लागे. पण 'लॉजवाले सर' म्हटलं की पोरं बाहेरगावच्या पाव्हण्याला थेट केमिस्ट्रीच्या प्रयोगशाळेत नेऊन सोडत. कोल्हापुरात एकदा नाव पडलं की पडलं, जन्मनाव मग हजेरीपटापुरतं उरतं. सरांचं कुठंही लॉज नव्हतं. उत्तरेश्वर पेठेत एका घराच्या माडीवर ते एका खोलीत भाड्यानं राहत. त्यांच्या एका अंगाला मी आणि माझी बायको लीला, दुसऱ्या अंगाला एक कायम कुलूप लावलेली रिकामी खोली.

मी मराठी शिकवायचो. विज्ञानाशी माझा संबंध गेलेला दिवा बदलण्यापुरता, आणि तोही लीलानं दोनदा सांगितल्यावर. तरीही अणूत इलेक्ट्रॉन कसे राहतात हे मला आजही झोपेतून उठवून विचारा, घडाघडा सांगेन. कारण आमच्यामधली भिंत अगदी पातळ होती आणि सर रोज सकाळी अंघोळ करून, इष्टलिंगाची पूजा आटोपून त्या दिवसाचं लेक्चर मोठ्यानं म्हणून बघत. सर गडहिंग्लजच्या पलीकडचे, अगदी हद्दीवरच्या गावचे. घरात कन्नड बोलत वाढलेले. मराठीत काहीतरी चुकेल आणि पोरं हसतील, ही धास्ती त्यांना कायम असे.

"अणू म्हणजे एक लॉज समजा," असं भिंतीपलीकडून सुरू व्हायचं. "खाली गल्ल्यावर मालक बसलाय, तो अणुकेंद्र. गिऱ्हाइकं म्हणजे इलेक्ट्रॉन. पहिल्या मजल्यावर एकच खोली, तिचं नाव वन एस. दुसऱ्या मजल्यावर एसची एक, आणि तिच्या शेजारी सारख्या मापाच्या तीन, त्या टू पी. तिसऱ्यावर आणखी मागच्या बाजूला पाच खोल्या, त्या थ्री डी. गिऱ्हाईक मोठं आळशी. खालची खोली रिकामी असताना ते वर चढत नाही. एका खोलीत दोघंच मावतात, आणि त्या दोघांची गिरकी एकमेकांच्या उलट. एकाची उजवी, तर दुसऱ्याची डावी. नाहीतर मालक आत घेत नाही."

मग थोडं पाणी पिण्याचा आवाज, आणि पुढं, "पण चौथ्या मजल्यावरची एस खोली तिसऱ्या मजल्याच्या त्या पाच मागच्या खोल्यांआधी भरते. का? मजल्याच्या आकड्यावर जाऊ नका. चढायला दम किती लागतो ते बघा की."

मला यातलं सगळ्यात आवडायचं ते पुढचं. तीन सारख्या खोल्या आहेत आणि तीन गिऱ्हाइकं आली, तर ती कशी राहतील? नायट्रोजनमध्ये हेच होतं. तिघं तीन खोल्या धरतात. आधी एकेक, मग जोडी, हा निसर्गाचा नियम. फळ्यावर तीन चौकटी काढून, प्रत्येकीत एकेक उभा बाण मारून सर वर्गाकडे वळत आणि त्यांचं ठरलेलं वाक्य टाकत, "एकट्याला खोली मिळत असताना दुसऱ्याचं घोरणं कोण ऐकेल?" वर्ग बाकं बडवायचा. त्या आवाजात ऑक्सिजन वाहून जायचा. ऑक्सिजनमध्ये चौथा येतो. त्याला वरचा मजला परवडत नाही, म्हणून तो एकाच्या खोलीत शिरतो आणि पहिली जोडी होते. "जोडी जमायला थोडी ऊर्जा खर्च होते, बरं का," एवढं सर फळा पुसता पुसता म्हणत. ते कुणी उतरूनही घेत नसे.

घोरण्याचं वाक्य ऐकलं की मला हसू यायचं आणि पाठोपाठ वाईटही वाटायचं. सर स्वतः असे घोरत, की भिंतीला लावलेलं आमचं कॅलेंडर हलतंय असं वाटे. आणि ते घोरणं ऐकणारे आम्हीच, शेजारी. ज्या बाईनं ऐकायचं ती गंगव्वा तिकडं गावी होती.

लग्न झालं तेव्हा गंगव्वा परकरी पोर होती आणि सर शिकत होते. पुढं सरांना कोल्हापुरात नोकरी लागली आणि त्याच वर्षी त्यांची आई अंथरुणाला खिळली. गंगव्वा अत्तीजवळ, म्हणजे सासूजवळ राहिली. थोडे दिवस म्हणता म्हणता तिच्या केसांत पांढरं दिसायला लागलं. सर दिवाळीला आणि मे महिन्यात गावी जात. पण तिकडची रीत अशी, की पुरुष बाहेर सोप्यात झोपणार आणि बायका आत. गंगव्वा तर सासूच्या उशाशीच. सुट्टी संपायची, सर ट्रंक उचलून एस.टी.त बसायचे. मूलबाळ झालं नाही. होणार कसं, असं मी एकदा लीलाजवळ बोललो तर तिनं मला डोळ्यांनीच गप्प केलं.

इकडं सरांचा दिवस म्हणजे कॉलेज, खानावळ, आणि संध्याकाळी गंगावेशीतल्या कट्ट्यावर म्हशीचं धारोष्ण दूध. म्हैस समोर उभी, धार काढली की फेसाळ पेला हातात. आजूबाजूला पैलवान, तालमीतली पोरं, गल्लीतली रिकामटेकडी मंडळी, सगळी मोठमोठ्यानं बोलत असायची. सर कडेला उभे राहून दूध संपवत, मिशी पुसत आणि घरी येत. त्या गर्दीतून त्यांना एकटं चालत येताना मी माडीवरून पुष्कळदा पाहिलंय. सणाला आम्ही जेवायला बोलावलं तर येत, पोटभर जेवत, लीलाला "वहिनी, पोळी झकास," म्हणत, आणि लगेच उठत. दुसऱ्याच्या संसारात फार वेळ बसू नये, असं काहीतरी त्यांच्या मनात असावं. मला त्याचा राग यायचा.

चौऱ्याहत्तर सालच्या श्रावणात सरांची आई गेली. दिवस-कार्य उरकून आले तेव्हा सरांच्या चेहऱ्यावर दुःख होतं, पण त्याखाली आणखी काहीतरी होतं. "त्र्यंबकराव, दिवाळीनंतर ती येत्या इकडं," ते मला म्हणाले आणि लाजले. एवढा मोठा माणूस लाजताना मी पहिल्यांदाच पाहिला.

पुढचे दोन महिने माडीवर नुसती धांदल. चुना लागला, स्टोव्ह आला, देवाचा कोनाडा रंगवून झाला. आणि एक दिवस सरांनी मालकिणीकडून त्या कुलूपबंद खोलीची किल्ली आणली. मला वाटलं, चला, एक बसायची आणि एक निजायची. पण सरांनी त्या खोलीत नवी लोखंडी खाट टाकली, खुंट्या ठोकल्या, आरसा लावला, आणि आपल्या खोलीतलं काहीही तिकडं हलवलं नाही.

"ही तिची खोली," ते मला दाखवत म्हणाले. "आयुष्यभर ती दुसऱ्याच्या उशाशी निजली. हक्काची खोली म्हणून मिळाली नाही बिचारीला. आता मिळंल. आणि माझ्या घोरण्याचा त्रास नको."

बोलताना त्यांचा चेहरा इतका उजळला होता, की मी नुसती मान डोलावली. लीला मात्र घरात आल्यावर म्हणाली, "हा माणूस बायको आणतोय की गिऱ्हाईक?"

गंगव्वा आली. उंच, काटक बाई, गळ्यात चांदीच्या करड्यात, म्हणजे डबीत, इष्टलिंग, आवाज खणखणीत. एका कानात मात्र कापसाचा बोळा असायचा. लीलानं विचारलं तर "वाहतोय मधनं मधनं," म्हणून तिनं विषय मोडला. खोलीची नवी खाट, आरसा, खुंट्या तिनं उंबऱ्यातूनच पाहिल्या. मग सरांच्या खोलीकडे पाहिलं. पदर खोचून चुलीला, म्हणजे स्टोव्हला लागली.

महिनाभर असं चाललं. ती भाकरी करायची, ताट झाकून सरांच्या खोलीत नेऊन ठेवायची आणि आपल्या खोलीत जाऊन जेवायची. सर तिला विचारायचे, "काही हवं-नको?" ती म्हणायची, "काय नको." गंगावेशीतल्या दुधाचं कळलं तेव्हा मात्र ती लीलाजवळ उसळली, "गावाकडं घरात म्हस बांधल्याली हाय, आणि ह्ये हितं रस्त्यात हुबं ऱ्हाऊन दुसऱ्याच्या म्हशीचं दूध पित्यात!" तेवढंच काय ते तिचं भांडण, तेही चुकीच्या माणसाजवळ.

एकदा तांदूळ निवडताना तिनं लीलाला हळूच विचारलं, "वैनी, शेरात नवरा-बायकू येगयेगळ्या खोलीत ऱ्हात्यात व्हय?"

लीला काही सांगायच्या आत गंगव्वाच पुढं म्हणाली, "आमच्याकडं टाकल्याल्या बाईला येगळी खोली देत्यात."

लीला त्याच दिवशी सरांशी बोलणार होती. पण सर विद्यापीठात पेपर तपासायला गेलेले, आणि ते यायच्या आत गंगव्वानं बोचकं बांधलं. म्हैस गाभण आहे, दिराला धार जमत नाही, असं काहीबाही सांगितलं. लीला तिला एस.टी. स्टँडवर पोचवायला गेली. गाडी सुटताना गंगव्वा खिडकीतून म्हणाली, "मी खोली मागाय कुठं आलतो, वैनी? ह्यांचं घोरणं ऐकाय आलतो. लगीन झाल्यापासनं धड ऐकलंच न्हाई की."

लीलानं हे सरांना शब्दन् शब्द सांगितलं. मी तिथंच होतो. सर नव्या खाटेच्या कडेला बसले. "मला वाटलं, तिला बरं वाटंल," एवढंच ते म्हणाले. एरवी मी चिडलो असतो, पण त्या दिवशी मला रडू आलं.

दुसऱ्या दिवशी ते गावी गेले आणि तिसऱ्या दिवशी एकटेच परत आले. मी खोदून खोदून विचारलं तेव्हा कळलं, की सोप्यात भाऊबंद बसले होते आणि त्या सगळ्यांसमोर सरांनी विचारलं, "येतीस काय?" आतून गंगव्वा म्हणाली, "बघू." संपलं. वर्गभर पोरांपुढं तास गाजवणाऱ्या माणसाला एक वाक्य बोलता आलं नव्हतं.

"अहो, आत जायचं, समोर बसायचं आणि सांगायचं, की चुकलं माझं!" मी ओरडलोच.

"सगळ्यांदेखत आत कसं जायचं, त्र्यंबकराव?" ते म्हणाले. तिला वाटत राहिलं, हे नीट बोलावतील. त्यांना वाटत राहिलं, ती आपणहून येईल. त्यांनी ती दुसरी खोली सोडली, खाट कुणाला तरी देऊन टाकली, आपल्या खोलीत दोन माणसांचं अंथरूण आणून घडी घालून ठेवलं. ते तसंच घडीत राहिलं. वर्षांमागून वर्षं गेली.

त्यांचं लेक्चर मात्र बदललं. सकाळी भिंतीपलीकडून लॉज यायचं, मजले यायचे, नायट्रोजनचे तीन एकटे बाण यायचे, पण घोरण्याचं वाक्य आलं नाही. जुन्या पोरांनी नव्या पोरांना सांगून ठेवलेलं असे, आता हसायचं वाक्य येणार. वर्ग वाट बघायचा आणि सर पुढं जायचे. ऑक्सिजनपाशी मात्र ते आता थांबत. "जोडी आपोआप होत नाही," ते म्हणत, सावकाश, जणू स्वतःलाच डिक्टेशन देत. "त्यासाठी ऊर्जा खर्च करावी लागते. हे लिहून घ्या." पोरं लिहून घेत. आणि मी इकडं दाढीचा ब्रश हातात घेऊन उभा राही.

सर निवृत्त झाले तेव्हा निरोपाच्या भाषणाला उठले, हात जोडले आणि बसले. ट्रंक आणि ते न उघडलेलं अंथरूण घेऊन गावी गेले. माडीवरची खोली रिकामी झाली. पुढं कितीतरी दिवस शांततेनं मला झोप लागत नसे.

वर्षभरानं आजऱ्याला एका लग्नाला गेलो होतो, तिथून वाट वाकडी करून आम्ही सरांच्या गावी उतरलो. सर परड्यात म्हशीला वैरण टाकत होते. आम्हाला बघून ते धावत आले, हाताला कडबा चिकटलेला तसाच. गंगव्वानं लीलाचे दोन्ही हात धरले. तिच्या आता दोन्ही कानांत कापूस होता आणि ती पूर्वीपेक्षाही मोठ्यानं बोलत होती. आम्ही बोललेलं तिला ओठांकडे बघूनच कळत होतं.

दुधाचे पेले देता देता तिनं आपण होऊन लीलाला सांगितलं, "नोकरी संपवून आलं त्या दिवशीच, वैनी. सोप्यात भाऊबंद बसल्यालं. ह्येंनी कुणाकडं बघितलं न्हाई, वळकटी उचलली आणि सरळ आत आलं. मला म्हनलं, हितंच निजणार मी." आणि ती तोंडाला पदर लावून पोरीसारखी हसली. सर उगाच म्हशीकडे बघत राहिले.

लीलाला राहवेना. तिनं गंगव्वाच्या कानाशी तोंड नेऊन ओरडून विचारलं, "मग? ऐकू येतं का आता घोरणं?"

गंगव्वानं मान हलवली. "कान गेलं की, वैनी. दोनी बी गेलं. काय सुदीक ऐकू येत न्हाई."

मग तिनं आपला रापलेला उजवा हात पुढं केला आणि हवेतच हलकेच टेकवून दाखवला. "पर छातीवर हात ठिवला की कळतंय. चालू हाय म्हून."