इक्बालभाईंच्या दुकानातलं बाकडं

मंडळी, आज सकाळी मोखाड्याहून जव्हारला गेलो, ते लग्नासाठी सांगून ठेवलेला माझा कोट रद्द करायला. लेकीने मुलगा स्वतः निवडला, तारीखही मला न विचारता ठरवली. मग म्हटलं, आपण लग्नालाच जायचं नाही.

शिंपी इक्बालभाई माझे शाळासोबती. मी दारातूनच तोंड सुरू केलं.

"शास्त्रीबुवा, आधी बाकड्यावर बसा. उभ्याने भांडायची या दुकानात सोय नाही."

हे बाकडं त्यांच्या वडिलांनी जव्हार संस्थान भारतात विलीन झालं त्या वर्षी ठेवलं. तेव्हा महाराज बरे की नवं सरकार बरं, यावरून गिऱ्हाइकं इथे हातघाईवर येत. उभ्याने राग आला तर बसावं, ही पैगंबरांची शिकवण. म्हणून वडील भांडणाऱ्या दोघांनाही शेजारी शेजारी बसवत.

"आणि बसूनही राग नाही गेला तर?" मी विचारलं.

"मग आडवं व्हायचं. पण बाकडं आखूड आहे आणि तुम्ही नाही. बसल्या बसल्याच आटपा."

क्रोधावरचे श्लोक मला तोंडपाठ आहेत. पण त्यांत बसायची व्यवस्था नाही. चहा आला. लेक लहानपणी याच बाकड्यावर उभी राहून फ्रॉकचं माप द्यायची, ते आठवलं आणि मी चहा निवांत संपवला.

इक्बालभाईंनी गळ्यातली टेप काढली. "राग उतरला ना? मग आता उभे राहा, कोटाचं माप घेतो."

माप देऊन आलो. आता लेकीला फोन करतोय, खुर्चीत बसूनच. तुमचा राग कुठे बसतो?