समोरच्या घरातला पियानो

विष्णुपुरीला आमच्या घरासमोर रोमानियन बाई राहायला आली, तेव्हा गल्लीत कुणालाच ते पटलं नाही. नवरा इथलाच, मुदखेडकडचा इंजिनिअर. तिकडं नोकरीला असताना लग्न केलं आणि वडिलांना अर्धांगवायू झाल्यावर परत आला. त्याचं येणं समजत होतं. पण युरोपात पियानो वाजवणारी, स्वतःच्या चाली बांधणारी बाई इथं कशाला येईल? तिकडं काहीतरी भानगड केली असणार, असं मलाही वाटायचं. पोलीस तिचे कागद बघून गेले, त्या दिवशी तर गल्लीला दुसरा विषयच नव्हता.

हैदराबादहून टेम्पोतून पियानो आला आणि तिनं शिकवणी सुरू केली. मी स्वतः शाळेत गाणं शिकवते, घरात पेटी आहे. तरी माझी मुलगी तिच्याकडंच जायचं म्हणून हटून बसली. पाठवलं, पण एकटीला नाही. मेथी निवडायला घेऊन मीही तिथं बसायचे. बाई एकच पट्टी दाबायची आणि आवाज विरेपर्यंत पोरीला हलू द्यायची नाही. "ऐक. अजून हाय," म्हणायची. मराठी सासूकडून शिकलेली, त्यामुळं पक्की आमच्याकडची. मला त्याचाही संशय यायचा. इतक्या लवकर इतकं बोलायला का शिकावं?

दिवाळीनंतर माझी आई औशाहून राहायला आली. एके दुपारी शाळेतून परतले तर घराला कुलूप, आणि समोरून गाण्याचा आवाज. आईचा! वडील गेल्यापासून आई गायली नव्हती. मी किती विनवण्या केल्या होत्या. आणि इथं ती खुर्चीत पाय वर घेऊन माहेरच्या वाटेचं गाणं म्हणत होती. समोर स्टुलावर फोन, रेकॉर्डिंग चालू.

"हे कशासाठी?" मी दारातूनच विचारलं.

"ताई, मी मावशींना विचारलं होतं."

"पण कशासाठी?"

तिनं रेकॉर्डिंग थांबवलं. "माझी आई पण गायची. मी तिचं गाणं असं भरून ठेवलं न्हाई. आता तिला बोलता येत न्हाई."

उत्तर मला जरा जास्तच सोयीचं वाटलं. आमची गाणी तिकडं नेऊन स्वतःच्या नावावर खपवणार, दुसरं काय? "काढून टाका," मी म्हटलं. तिनं फोन माझ्यासमोर धरला आणि रेकॉर्डिंग पुसलं.

आई मात्र खवळली. "गानं माझं हाय. तुला कोन विचारलं?" रात्री ताट उचलून नातीजवळ जाऊन जेवली. दुसऱ्या दिवशी पुन्हा गेली, आणि या वेळी दार आतून लावून घेतलं.

उन्हाळ्याच्या तोंडाला कॉलेजच्या हॉलमध्ये बाईचा कार्यक्रम झाला. मी कान टवकारूनच बसले होते. चोरी पकडायची होती. पण पियानोला हात लावायच्या आधी तिनं आईला मंचावर बोलावलं. "हे गाणं औशाच्या मावशींचं. माझं त्यांच्यानंतर," ती म्हणाली. आई पदर सावरत उभी राहिली आणि चारशे लोकांसमोर असल्यासारखी नाही, घरात असल्यासारखी गायली. मग बाईनं वाजवलं. मी आईची चाल शोधत राहिले. ती कुठंच नव्हती. फक्त एका जागी हात थांबले. आई कडवं संपताना दमते आणि श्वास घेते, तेवढंच थांबले. तो श्वास तिनं घेतला होता. त्याला चोरी म्हणायचं का, मला ठरवता येईना. शेजारी मुलगी रडत होती.

बाहेर आल्यावर मी आईला विचारलं, "तुला आवडलं का?"

"समदं न्हाई कळलं," आई म्हणाली. "पर तिच्या आईची याद आली आसंल तिला. लई जपून वाजवत होती."

आई आता औशाला परत गेली आहे. दर रविवारी तिचा आणि बाईचा व्हिडिओ कॉल असतो, तासभर. मी फोन केला की लागत नाही. काय बोलता एवढं, म्हणून विचारलं तर आई हसते.

"तुला काय करायचंय?"