पुढच्या रांगेतली पिवळी पर्स

ब्रायन गेल्याचं मला त्याच्या बहिणीच्या फोनवरून कळलं. सकाळी ऑफिसला निघायची गडबड होती. ऑस्ट्रेलियाचा नंबर बघून आधी वाटलं, तोच असेल. मग लक्षात आलं की तो आता फोन करत नाही, फक्त ई-मेल. बहीण सरळ बोलणारी निघाली. झोपेत गेला, त्रास झाला नाही, सगळे विधी उरकले, असं तिने सांगितलं. मग जरा थांबून विचारलं, "त्याच्या खोलीत एक बायकांची पर्स आहे. भडक पिवळी, रिकामी. लिहायच्या टेबलासमोरच्या खुर्चीवर कायम ठेवलेली असायची. तुम्हाला काही माहीत आहे का?" मी म्हटलं, "माझी आहे ती." तिच्या मनात काय आलं असेल ते ओळखून मी लगेच म्हटलं की तसलं काही नाही, ती कामाची पर्स होती. त्याहून जास्त सांगायला तेव्हा वेळ नव्हता. गाडी खाली येऊन उभी होती. म्हणून आता नीट सांगते.

नव्वदच्या दशकाच्या मध्यावर मी दुबईत, देरा भागात, एका प्रशिक्षण संस्थेचं कामकाज बघत होते. ऑफिसात नोकरी करणाऱ्यांना इंग्रजी बोलायला, चार लोकांसमोर उभं राहायला शिकवायचं, हा आमचा धंदा. ब्रायन मुलाखतीला आला तो चुरगळलेल्या शर्टात. ऑस्ट्रेलियातल्या एका कोळशाच्या खाणींच्या गावात तो बरीच वर्षं शिक्षक होता आणि संध्याकाळी पबमध्ये स्टँड-अप करायचा. म्हणजे एकट्याने माइक घेऊन उभं राहायचं आणि लोकांना हसवायचं. "शाळेत पोरं ऐकत नाहीत, पबमध्ये पिणारे ऐकत नाहीत, तेव्हा न ऐकणाऱ्या लोकांचा मला दांडगा अनुभव आहे," असं तो म्हणाला. मी न हसता विचारलं, सकाळी आठची बॅच घ्याल का? हा किस्सा तो पुढे कितीतरी वर्षं सांगत राहिला. त्याच्या मते त्याच्या आयुष्यातलं सगळ्यात अवघड गिऱ्हाईक मी. मी हसत नाही असं नाही. पण विनोद मनातल्या मनात आवडला, एवढं मला पुरतं.

आम्ही शारजात राहायचो, पुढे अल नहदाला आलो. माझा नवरा प्रकाश रास अल खोरला एका वर्कशॉपमध्ये सुपरवायझर. त्याच्या हाताखालची कोकणातली पोरं एकटी राहायची, शुक्रवारी आमच्याकडे जेवायला यायची आणि मला वहिनी म्हणायची. एका शुक्रवारी ब्रायन आला, त्यांच्याबरोबर सोलकढीवर सोलकढी प्यायला, आणि दुसऱ्या दिवशी ऑफिसात सगळ्यांदेखत मला 'मिसेस वहिनी' म्हणाला. ते नाव नाही, नातं आहे, हे मी समजावून सांगितलं. तो म्हणाला, ऑफिसात तुम्हाला मागून जे म्हणतात त्यापेक्षा हे बरंच बरं आहे. मग आमच्या फिलिपिनो रिसेप्शनिस्टपासून सगळे मला वहिनी म्हणायला लागले. आमचं बोलणं इंग्रजीतच व्हायचं, वहिनी एवढा एकच शब्द त्यातला मराठी.

तेव्हा सुट्टी गुरुवार दुपारपासून. दर गुरुवारी संध्याकाळी बर दुबईच्या एका हॉटेलात त्याचा कार्यक्रम असायचा. आठवडाभर तो शिकवायचा, चांगलं शिकवायचा, पण त्याचा जीव होता त्या गुरुवारात. बुधवारपासून त्याची चाल बदलायची. प्रकाशला तिथला बुफे आवडायचा, म्हणून आम्ही अधूनमधून जायचो. इतकी वेगवेगळ्या देशांतली माणसं एकाच वाक्याला हसताना मी दुसरीकडे कुठे पाहिली नाहीत. त्याचा हुकमी विनोद रस्त्यांवरचा होता. "मी शारजाहून दुबईला यायला निघालो, तेव्हा माझे केस काळे होते." हे ऐकून सगळे हसायचे, कारण सगळेच त्या ट्रॅफिकमधून आलेले. हसू उतरलं की तो सावकाश म्हणायचा, "आमच्या गावात रस्ता गाय अडवते. ती निदान उठते तरी." खरी मजा या दुसऱ्या वाक्यात होती, आणि तिथे लोक टेबलं बडवायचे.

एका गुरुवारी त्याने गायीचं वाक्य फार लवकर टाकलं. लोक अजून केसांवरच हसत होते, त्या हसण्यात गाय वाहून गेली. पुढच्या विनोदाचं तेच झालं, त्याच्या पुढच्याचंही. लोक चुळबुळ करायला लागले. प्रकाश मला म्हणाला, "घाई का करतोय गं हा? कुठे गाडी पकडायचीय?" हॉटेलचा मॅनेजर भिंतीला टेकून उभा होता, त्याचा चेहरा मला दिसत होता. कार्यक्रम संपल्यावर त्याने ब्रायनला सांगितलं, अजून एक गुरुवार बघतो, नाहीतर खलास.

ऑफिसात मी वेळापत्रकं करते, त्यामुळे कुठे काय अडतंय ते मला चटकन दिसतं. वर्गातही तो हल्ली विद्यार्थ्यांना पुन्हा पुन्हा बोलायला लावायचा आणि उजवी बाजू पुढे करून उभा राहायचा. दुसऱ्या दिवशी शुक्रवारचं जेवण झाल्यावर, पोरं गेल्यावर, मी त्याला सरळ विचारलं, "तुम्हाला ऐकू येत नाही ना?"

त्याने पाण्याचा ग्लास खाली ठेवला आणि म्हणाला, "माणसं बोललेली येतात. हसलेली येत नाहीत."

डावा कान गेला होता, उजवाही कमी झाला होता. डॉक्टरांना दाखवून झालं होतं, कानाचं यंत्र लावून झालं होतं. यंत्राने प्लेटा, स्पीकर, हसू सगळ्याचा एकच गोंगाट व्हायचा. हसू कुठे संपलं हे कळल्याशिवाय पुढचं वाक्य टाकता येत नाही, आणि तेच त्याला कळेनासं झालं होतं. मी म्हटलं, लोकांना सांगून टाका, त्यात लपवण्यासारखं काय आहे? तो म्हणाला, "सांगितलं की ते माझ्याकडे दयेने बघतील. दयेने बघणारा माणूस हसत नाही, वहिनी. तो टाळ्या वाजवतो."

 माझ्याकडे एक उपाय होता. मी म्हटलं, पुढच्या रांगेत मी बसते. लोक हसत असतील तोवर पर्स माझ्या मांडीवर. हसू उतरलं की मी ती टेबलावर ठेवते. पर्स टेबलावर दिसली की तुम्ही बोला. प्रकाश म्हणाला, मीच बसतो की. ब्रायनने त्याच्याकडे बघून नकारार्थी मान हलवली. प्रकाश एकदा हसायला लागला की पुढचे दोन विनोद होईपर्यंत हसतो. या कामाला न हसणारंच माणूस लागणार होतं. माझी काळी पर्स स्टेजवरून दिसेना, म्हणून मीना बाजारातून एक पिवळी घेतली. असला रंग मी एरवी हातात धरला नसता.

पुढच्या गुरुवारी मॅनेजर त्याच भिंतीला टेकून उभा होता. ब्रायन स्टेजवर आला. केस काळे होते म्हणाला. लोक हसले. मी कान देऊन बसले. मागच्या टेबलांवरचं हसू उशिरा उतरतं, हे तोवर मला माहीतच नव्हतं. तो माझ्याकडे बघत नव्हता, माझ्या मांडीकडे बघत होता. त्याचं कपाळ घामेजलेलं दिसत होतं. मी पर्स उचलून टेबलावर ठेवली. गाय आली, आणि टेबलं वाजली. मॅनेजर भिंतीपासून सुटा झाला आणि आत निघून गेला. मग हे दोनेक वर्षं चाललं. नवे लोक समजायचे, ही कोण बाई, सारखी पर्स उचलते ठेवते, हिला निघायचंय की काय. त्यावरही त्याने विनोद केला.

रमझानात हॉटेलांतले असले कार्यक्रम बंद. ब्रायनचे गुरुवार रिकामे, आणि रिकाम्या गुरुवारी तो सैरभैर व्हायचा. मी म्हटलं, आमच्या बिल्डिंगमधली पोरं घेऊन आमच्या घरी बसा. इथे वाढलेली मुलं, मराठीत विचारलं तर इंग्रजीत उत्तर देणारी, आणि उभं करून बोल म्हटलं तर कुठल्याच भाषेत न बोलणारी. आमची मुग्धा त्यातलीच. पहिल्या दिवशी मला म्हणाली, "आई, ही इज नॉट इव्हन दॅट फनी." पण दर गुरुवारी येऊन बसायची. ब्रायन त्यांना विनोद शिकवायचा नाही, थांबायला शिकवायचा. बोललात ना, आता समोरच्यांकडे बघा. त्यांचं होऊ द्या. मी जेवणाच्या टेबलापाशी पर्स घेऊन बसायचे, कारण आता ते माझं कामच झालं होतं. मुलं पर्सकडे बघून थांबायला शिकली, आणि मग पर्सशिवायही.

दुसरा कानही गेला तेव्हा पर्सने भागेना. समोरून कुणी मध्येच काही बोललं तर त्याला उत्तर देता येईना, आणि असं उत्तर म्हणजे स्टँड-अपचा अर्धा जीव. एका गुरुवारी कार्यक्रम संपवून तो आमच्या टेबलाशी येऊन बसला. प्रकाशच्या ताटातला कबाब उचलला आणि म्हणाला, "वहिनी, खलास." मॅनेजर काही बोलला का, असं मी टेबलावर बोटाने लिहून विचारलं. तो म्हणाला, मॅनेजरला काय कळतंय, मीच म्हणतोय. मी समजूत घातली नाही. बरोबर वेळी थांबायचं हे तर तोच सगळ्यांना शिकवत होता.

मग रमझानातला तो वर्ग वर्षभर चालू झाला, आमच्या संस्थेतही तशीच बॅच निघाली, आणि लोकांसमोर बोलायला घाबरणाऱ्यांना कसं शिकवावं यावर त्याने एक छोटं पुस्तक लिहिलं. तिकडे त्याच्या देशात ते शिक्षकांमध्ये चाललं. त्याला पुन्हा बोलावणं आलं, शिक्षकांना शिकवायला. निघताना त्याने ती पर्स मागितली. मी म्हटलं, चेन तुटलीय, नवी घेऊन देते. त्याला तीच हवी होती. मी आतल्या सेफ्टी पिना आणि बसची सुटी नाणी काढून घेतली आणि दिली. तिकडे गेल्यावर तिचं काय करायचा ते बहिणीच्या फोनपर्यंत मला ठाऊक नव्हतं. समोरच्या खुर्चीवर ती ठेवून लिहायचा म्हणे. बहिणीने विचारलं, पाठवू का? मी नको म्हटलं. असू दे तिथेच.

गेल्या शुक्रवारी त्याचे जुने विद्यार्थी आमच्या हॉलमध्ये जमले. वर्कशॉपमधली दोघं आली, आता त्यांचे केस पिकलेत. भाषणं नकोत असं मी आधीच बजावलं होतं, म्हणून प्रत्येकाने त्याचा एक-एक विनोद सांगितला. मुग्धा आता नोकरी करते, लोकांसमोर बोलणं हेच तिचं काम आहे. ती शेवटी उभी राहिली आणि म्हणाली, "मी शारजाहून दुबईला यायला निघालो, तेव्हा माझे केस काळे होते." सगळे हसले. प्रकाश तर डोळे पुसत हसत होता, थांबेचना. मुग्धा पुढे बोलेना. मला वाटलं, विसरली. मग दिसलं, ती माझ्या मांडीकडे बघत होती. माझी रोजचीच काळी पर्स होती तिथे. हॉल शांत होईपर्यंत मी थांबले, आणि ती उचलून टीपॉयवर ठेवली.

"आमच्या गावात रस्ता गाय अडवते," मुग्धा म्हणाली. "ती निदान उठते तरी."