देवदर्शनाची रजा

ताई, म्हणजे माझी मोठी बहीण, साखरखेर्ड्याकडच्या एका आरोग्य उपकेंद्रात नर्स होती. सुरुवातीची काही वर्षं तिची नेमणूक तात्पुरती होती. अकरा महिने झाले की एक दिवस नोकरी बंद, म्हणजे कागदावर खंड, दुसऱ्या दिवशी नवा आदेश. पुढे ती कायम झाली. निवृत्तीच्या वेळी प्रश्न निघाला की ती पहिली वर्षं धरायची का. धरली तर जुनी पेन्शन, नाहीतर नवी योजना. ताई एकटी राहते, त्यामुळे तिचं म्हातारपण यावरच अवलंबून होतं.

फाईल माझ्याकडे आली, कारण आमच्या घरात याद्या मी करते. लग्नाच्या, दवाखान्याच्या, गावाला न्यायच्या पिशवीच्यासुद्धा. सगळं क्रमानं लावून आम्ही बुलढाण्याला गेलो. कार्यालयातले बाबू पानं उलटता उलटता थांबले.

"हे काय हो सिस्टर? खंडाच्या दिवशी रजेचा अर्ज? देवदर्शनासाठी?"

"हाव. दर खंडाले देऊळगाव राजाले बालाजीले जात होती. एरवी सुटी कुठं भेटते?"

"पण अर्ज काऊन दिला? त्या दिवशी तुमची नोकरीच नव्हती."

"न सांगता उपकेंद्र सोडून कशी जाऊ? बाळंतपण आलं तं?"

बाबूंनी फाईल मिटली. खंड सरकारनं पाडला असेल तर माफ होतो, म्हणाले, पण इथं तर सिस्टरच लिहून देऊन राह्यल्या की मी माझ्या मर्जीनं गेली.

बाहेर व्हरांड्यात मी ताईवर चिडले. तिनं शांतपणे डबा उघडला.

"आधी भाकर खाय, मंग बोल. अन् बिनमंजुरीची मी कधी गेली नाही. डॉक्टरसाहेबांची सही झाल्यावरच गाडीत बसत होती."

घास तसाच ठेवून मी आत गेले.

"भाऊसाहेब, नोकरीत नसलेल्या माणसाची रजा मंजूर होते का?"

त्यांनी पुन्हा अर्ज काढले. प्रत्येकाच्या कोपऱ्यात 'मंजूर', खाली सही, शिक्का. शेजारच्या टेबलावरचे बाबू वाकून बघत त्यांना म्हणाले,

"मंग या त्या दिवशी नोकरीतच होत्या. खंड पडला कुठं?"

"मले काऊन विचारतो बे? वर पाठवू."

प्रकरण वर गेलं, शंका घेऊन दोनदा परत आलं, आम्ही दोनदा उत्तरं दिली. शेवटी आदेश आला. पहिली वर्षं धरली होती.

ताई म्हणाली, "चाल, बालाजीले जाऊन येऊ." मी पिशवीची यादी केली आणि सकाळी तिच्या गावी पोचले. स्टँडकडे निघालो तर ती उपकेंद्राकडे वळली, नव्या नर्सबाईला सांगायला, की आज मी गावात नाही.

"ताई, तू निवृत्त झालीस ना?"

"झाली ना. पण अडलेलं बाळंतपण आलं तं ते पोरगी मलेच बलावते. तिले माहीत नको?"