नानासाहेबांचा गुलाब

बहिणीच्या लग्नाची फिल्म घरच्या कॉम्प्युटरवर मीच एडिट करीन, असं मी दोन हजार तीन-चारच्या सुमारास जाहीर केलं. (कुणी विचारलं नव्हतं.) मी सातपूरच्या एका कारखान्यात ड्रॉइंग्ज काढत असे. एडिटिंगशी संबंध एवढाच, की त्याच्या प्रोग्रॅमची सीडी एका मित्राकडे होती. तिच्यावर 'व्यावसायिक दर्जा' असं छापलेलं होतं.

बहिणीचे सासरे नानासाहेब, चांदवडचे कांद्याचे व्यापारी. त्यांची एकच अट होती: त्यांना फेटा बांधला तो प्रसंग गुलाबाच्या फुलातून उमलला पाहिजे.

"तेवढं सांभाळ, दादा," माधवी म्हणाली. "मानपानात चुकलं की ते वर्षभर बोलत नाहीत. आणि तिथं राहायचंय मला."

प्रोग्रॅममध्ये गुलाब होता. पण पाकळ्या उघडून नानासाहेब दिसू लागले, की प्रोग्रॅम मुकाट्याने बंद पडे. आठ वेळा पडला. आईने मशीनला टेबलफॅन लावला. बाबा म्हणाले, "फेट्याचा भार पेलत नसेल. मोगरा टाकून बघ." मोगऱ्याने प्रोग्रॅम तर पडलाच, शिवाय मंगलाष्टकंही गेली. (काम अधूनमधून सेव्ह करायचं असतं, हे तेव्हा कळलं.)

रविवारी नानासाहेब जेवायला आले, तरी सीडी तयार नव्हती. शेवटी कॉम्प्युटरवरच फिल्म लावली. सीमांतपूजन सुरळीत पार पडलं. गुलाब आला, पाकळ्या उघडल्या, फेट्याखाली नानासाहेब हसले आणि तसेच राहिले. माऊस हलेना. माधवी माझ्याकडे बघेना.

मिनिटभराने नानासाहेबांनी विचारलं, "थांबवलं व्हय?"

"हो," मी म्हणालो.

"लय मान दिला, भाऊ. आमच्यावर असं कुणी थांबत नाय."

चहा झाला, पान झालं. नानासाहेब गुलाबात तसेच. निघताना त्यांनी धाकट्या मुलाच्या लग्नाची फिल्मही माझ्यावर सोपवली.

त्यासाठी मी कॉम्प्युटरची मेमरी वाढवली, नवा प्रोग्रॅम घेतला, दर पाच मिनिटांनी सेव्ह केलं. चांदवडला सगळ्या भावकीसमोर फिल्म लागली. गुलाब उमलला, नानासाहेब दोन सेकंद झळकले आणि फिल्म पुढे गेली. 'इथे तरी अडक' म्हणून मी मनातल्या मनात हात जोडले होते, पण ती कुठेही अडकली नाही.

माधवीशी ते बोलत राहिले. माझ्याशी वर्षभर नाही. लोकांना मात्र सांगत, "थोरल्याच्या येळेला पोराला काम येत व्हतं."