गेली का?

धाकट्या बहिणीला लहानपणी मी खोटं सांगायचो, हे आधी कबूल करतो. टीव्हीवर भुताची मालिका लागली की सुमा उशीत तोंड खुपसायची आणि विचारायची, "दादा, गेली का?" हडळ पडद्यावर दात विचकत उभी असायची, नेमकं तेव्हाच मी म्हणायचो, "गेली, बघ." तिने किंचाळावं आणि मी हसावं, हे दर आठवड्याचं.

ती मालिका पुढे कित्येक वर्षं चालली. परवा सुमा माहेरपणाला आली, तेव्हा दुपारी त्या मालिकेचे अगदी सुरुवातीचे भाग पुन्हा लावले. हडळीच्या तोंडाला पिठासारखी पावडर, पांढऱ्या साडीखालून डोकावणारी रबरी चप्पल! आम्ही पोट धरून हसलो. तरीही पडद्यावरचं दार करकरलं, तशी पन्नाशीची सुमा उशीआड गेली. मी शेजारीच होतो. तिने मात्र पलीकडे बसलेल्या माझ्या बायकोला विचारलं, "वहिनी, गेली का?"

मला ते लागलं. हडळीला तिने चपलेसकट हसण्यावारी नेलं होतं, पण माझ्या शब्दाला ती अजून बिचकत होती.

"थांब, अजून आहे," मीच म्हणालो. मग जरा वेळाने, "आता गेली."

"वहिनी, दादा खरं सांगतोय?"

"या वेळी खरं सांगतायत हो, वन्सं."

उशी हळूच खाली आली. पडद्यावर नायकाची आई निवांत चहा गाळत होती. सुमा समाधानाने माझ्याकडे बघून हसली.

"सुमे," मी म्हणालो, "तू विश्वासाने विचारायचीस आणि मी मजा बघायचो. चुकलं माझं."